इजेचे नाव आणि इजेचे कारण : एका वर्गीकरणाचा इतिहास



ज्या शाळेच्या बाकांवर बसून मी मराठी आणि गणित या दोन्ही भाषा शिकलो, त्या शाळेने या स्मृतिव्याख्यानासाठी मला पाचारण करावे, हा मी माझा बहुमान समजतो. ज्या गुरुवर्यांच्या स्मृतीप्रीत्यर्थ ही व्याख्यानमाला चालते, ते आम्हांला इतिहास शिकवीत. सनावळी पाठ करून घेण्यावर त्यांचा भर नसे. समोर कोणतीही नोंद आली की ती कोणी केली, कशासाठी केली आणि तीत कोण आले, कोण राहून गेले, हे तीन प्रश्न विचारा, असे त्यांचे सांगणे असे. पुढे वैद्यकाच्या वाटेला गेलो आणि सार्वजनिक आरोग्य हा विषय शिकविण्यात आयुष्य गेले. परंतु हे तीन प्रश्न सुटले नाहीत. आज तेच प्रश्न मी एका अगदी रुक्ष वाटणाऱ्या दप्तराला विचारणार आहे. ते दप्तर म्हणजे रोगांचे आणि इजांचे आंतरराष्ट्रीय वर्गीकरण.

विषय हाताशी यावा म्हणून एक साधा प्रसंग कल्पू. वसाहतीतील रस्त्यावर एक मुलगा स्केटबोर्डवरून येत आहे. समोरून दुसरा मुलगा सायकलवर येतो. वळणावर दोघांची टक्कर होते. स्केटबोर्डवाल्याचे मनगट मोडते. सायकलवाला हँडलवरून पुढे फेकला जातो आणि त्याचे गळ्याजवळचे हाड, म्हणजे हासळी, मोडते. दोघांनाही रुग्णालयात नेतात. डॉक्टर हाड बसवितात, प्लास्टर घालतात. त्यांचे काम येथे संपले, असे आपणांस वाटेल. परंतु केसपेपरवर एक ओळ लिहावयाची उरते, आणि त्या ओळीचे काय होते, हा आजच्या व्याख्यानाचा विषय आहे. मनगट मोडले, ही इजा झाली. सायकलशी टक्कर झाली, हे कारण झाले. या दोन गोष्टी वेगळ्या आहेत आणि दोन्ही लिहावयास हव्यात, हे समजावयास जगाच्या दप्तरखान्याला फार मोठा काळ लागला.

आपल्या परंपरेत हा भेद अगदीच अज्ञात होता असे नाही. चरकसंहितेत रोगांचे निज, आगंतु आणि मानस असे तीन प्रकार सांगितले आहेत. बाहेरून आलेल्या आघाताने होणारा तो आगंतु. सुश्रुतसंहितेच्या निदानस्थानात तर भग्नांवर, म्हणजे मोडलेल्या हाडांवर, स्वतंत्र अध्याय आहे. त्यात सांधा निखळण्याचे सहा आणि हाड मोडण्याचे बारा प्रकार दिले आहेत. त्याच अध्यायाच्या आरंभी हे आघात कशाने होतात, याचीही यादी आहे : पडण्याने, दाबले जाण्याने, प्रहाराने, फेकले जाण्याने, हिंस्र पशूंच्या चाव्याने. म्हणजे इजेचे स्वरूप एकीकडे आणि इजेचे कारण दुसरीकडे, अशी मांडणी त्या आचार्याच्या मनात स्पष्ट होती. परंतु ती वैद्याच्या उपचारासाठी होती. किती माणसे पडून जायबंदी झाली आणि किती प्रहाराने, हे मोजण्याची गरज त्या काळी कोणास भासली नाही.

मोजण्याची गरज प्रथम भासली ती भीतीपोटी. लंडन शहरात प्लेगच्या साथी येत. साथ वाढते आहे की ओसरते आहे, हे कळावे म्हणून तेथे दर आठवड्याला मृतांच्या याद्या प्रसिद्ध होत. या याद्यांचा जॉन ग्राँट या कापडाच्या व सुतासामानाच्या व्यापाऱ्याने बारकाईने अभ्यास केला आणि १६६२ साली त्यावर पुस्तक प्रसिद्ध केले. लोकसंख्याशास्त्राचा आरंभ या पुस्तकापासून मानतात. त्या याद्यांतील शीर्षके आज वाचताना मौज वाटते. देवी, क्षय, बाळंतपण यांच्याच रांगेत ‘एकाएकी’, ‘दुःखाने’ आणि ‘ग्रहाच्या योगाने’ अशीही मृत्यूची कारणे आहेत. त्याच रांगेत ‘निरनिराळ्या अपघातांनी मेले’ असे एक शीर्षक आहे. घोड्याची लाथ, गाडीचे चाक, मचाणावरून पडणे, सारे त्या एका ओळीत. मृताला पाहून कारण ठरविण्याचे काम गरीब, वृद्ध स्त्रियांकडे असे. थोडी चिरीमिरी दिली की लाजिरवाण्या रोगाचे नाव बदलून मिळे, ही गोष्ट ग्राँटने तेव्हाच टिपून ठेवली आहे. नोंद करणारा आणि नोंदीत हितसंबंध असणारा, यांच्यातील हा व्यवहार पुढील साडेतीनशे वर्षांत संपलेला नाही. त्याकडे आपण पुन्हा वळू.

अठराव्या शतकात वनस्पतींचे वर्गीकरण करण्याची जी लाट युरोपात आली, तीत रोगही सापडले. फ्रान्समधील सोव्हाज या वैद्याने जातिवर्गांत विभागलेली रोगांची मोठी सूची रचली. परंतु रोज मरणाऱ्या माणसांच्या दप्तरासाठी ती उपयोगी नव्हती. ते काम विल्यम फार याने केले. इंग्लंडमध्ये १८३७ साली जन्ममृत्यूच्या सरकारी नोंदणीला आरंभ झाला आणि लवकरच फार त्या कचेरीत रुजू झाला. एकाच रोगास तीन-चार नावे आणि एकाच नावाखाली तीन-चार रोग, अशा स्थितीत आकडे निरर्थक होतात, हे त्याने आपल्या पहिल्याच अहवालापासून सांगावयास आरंभ केला. इतर शास्त्रांत वजन-मापांना जे स्थान आहे, तेच या शास्त्रात नामकरणाला आहे, अशी त्याची भूमिका होती.

१८५३ साली ब्रुसेल्स येथे पहिली आंतरराष्ट्रीय सांख्यिकी परिषद भरली. सर्व देशांना चालेल अशी मृत्यूच्या कारणांची यादी करण्याचे काम तिने फार आणि जिनिव्हाचे मार्क देस्पिन या दोघांवर सोपविले. दोघांचे जमले नाही. १८५५ साली पॅरिस येथे दोन स्वतंत्र याद्या पुढे आल्या आणि तडजोड म्हणून १३९ शीर्षकांची एक यादी स्वीकारली गेली. फारच्या योजनेत पाच गट होते : साथीचे रोग, सर्वांगाचे रोग, अवयवांचे स्थानिक रोग, वाढीचे रोग, आणि पाचवा गट बाह्य हिंसेने किंवा आघाताने आलेल्या मृत्यूंचा. अपघाताला रोगांच्या पंक्तीत पूर्ण पाट मिळाला तो येथे. याच सुमारास फ्लॉरेन्स नाइटिंगेल यांनी दुसरा मुद्दा मांडला. १८६०च्या लंडन परिषदेपुढे त्यांनी सर्व रुग्णालयांसाठी एकसारख्या तक्त्यांची योजना ठेवली. केवळ मेलेल्यांची गणती पुरेशी नाही. किती आले, किती बरे झाले, किती दिवस राहिले, हेही मोजले पाहिजे, असा तिचा आशय होता. मोडक्या मनगटाने कोणी मरत नाही. म्हणून त्या मनगटाच्या नोंदीचा प्रश्न नाइटिंगेलबाईंच्या या आग्रहापासून सुरू होतो, असे मी मानतो.

फारचे काम पुढे नेले ते पॅरिस शहराच्या सांख्यिकी खात्याचे प्रमुख जाक बेर्तियाँ यांनी. त्यांच्या आजोबांनीच १८५३ साली एकसमान यादीचा ठराव मांडला होता. त्यांचे बंधू आल्फाँस हे गुन्हेगारांची शरीरमापे घेऊन ओळख पटविण्याच्या पद्धतीचे जनक. घराण्यातच वर्गीकरणाचा नाद होता म्हणा! बेर्तियाँ यांची यादी १८९३ साली शिकागो येथे सादर झाली. लहान, मध्यम आणि मोठी अशी तिची तीन रूपे होती : ४४, ९९ आणि १६१ शीर्षकांची. १९०० साली पॅरिस येथे २६ देशांनी ती मान्य केली आणि साधारण दर दहा वर्षांनी तिची उजळणी करण्याचा प्रघात पडला.

आता आपल्या दोन मुलांशी थेट संबंध असलेली घटना येते. १९४८ साली नव्यानेच स्थापन झालेल्या जागतिक आरोग्य संघटनेने सहावी आवृत्ती हाती घेतली. प्रथमच या आवृत्तीत मृत्यूबरोबर आजारांचाही समावेश झाला. आणि इजांसाठी दुहेरी खतावणी आली. ‘एन’ या अक्षराने इजेचे स्वरूप दाखवावयाचे, ‘ई’ या अक्षराने बाह्य कारण. दोन्हींना ८०० ते ९९९ हेच आकडे. सुश्रुताच्या अध्यायात जो भेद विचारात होता, तो आता रकान्यांत उतरला. जमाखर्च लिहिणाऱ्यास हे चटकन पटावे. पैसे किती गेले हे एका बाजूस आणि कशापायी गेले हे दुसऱ्या बाजूस लिहिल्याशिवाय घराचा हिशेब उलगडत नाही.

दहावी आवृत्ती १९९० साली मंजूर झाली आणि १९९४ पासून देशोदेशी वापरात येऊ लागली. तीत नुसत्या आकड्यांऐवजी अक्षर आणि आकडे यांची जोडी आली. इजेच्या स्वरूपासाठी ‘एस’ आणि ‘टी’ ही अक्षरे. बाह्य कारणांसाठी ‘व्ही’पासून ‘वाय’पर्यंतची. आपल्या स्केटबोर्डवाल्याचे मनगट, म्हणजे अग्रबाहूच्या हाडाचे खालचे टोक, एस ५२.५ या संकेतात बसते. सायकलवाल्याची हासळी एस ४२.० मध्ये. येथपर्यंत सरळ आहे. कारणाच्या रकान्यात मात्र विचार करावा लागतो.

स्केटबोर्ड हे वाहन आहे काय? या वर्गीकरणाचे उत्तर ‘नाही’ असे आहे. स्केटबोर्ड, चाकांचे बूट, लहान मुलांची गाडी, अपंगांची चाकखुर्ची ही सारी पादचाऱ्याची साधने मानली आहेत आणि ती वापरणारा पादचारीच ठरतो. म्हणून त्या मुलाला संकेत मिळतो व्ही ०१ : सायकलच्या धडकेने जखमी झालेला पादचारी. सायकलवाल्याला मिळतो व्ही १० : पादचाऱ्याशी किंवा प्राण्याशी टक्कर होऊन जखमी झालेला सायकलस्वार. गल्लीत गाय आडवी आली तरी हाच गट लागू, हे आपल्याकडील श्रोत्यांस सांगावयास नकोच. घटना एक, संकेत दोन. कारण संकेत घटनेला दिलेला नसतो, तो जखमी माणसाला दिलेला असतो.

पुढचा आकडा याहून सूक्ष्म आहे. टक्कर सार्वजनिक रस्त्यावर झाली तर पादचाऱ्याला व्ही ०१.१, आवारात वा मैदानात झाली तर व्ही ०१.०. सायकल चालविणारा आणि डबलसीट बसलेला यांनाही वेगळे आकडे आहेत. रस्त्यावर जखमी झालेला चालविणारा व्ही १०.४, मागे बसलेला व्ही १०.५. आणि कोणाशीही टक्कर न होता तो मुलगा स्केटबोर्डवरून आपोआप पडला असता, तर तो वाहतुकीच्या प्रकरणातून पूर्णपणे बाहेर जाऊन पडण्याच्या गटात, डब्ल्यू ०२ मध्ये, गेला असता. ‘पडला’ आणि ‘धडक बसली’ या दोन क्रियापदांमध्ये एवढे अंतर आहे. ही गोष्ट आपण लक्षात ठेवावी, कारण माझ्या पुढच्या प्रतिपादनाचा आधार तीच आहे.

अमेरिकेने या वर्गीकरणाला आणखी फाटे फोडले. तेथे १ ऑक्टोबर २०१५ पासून दहाव्या आवृत्तीचे जे विस्तारित रूप लागू झाले, त्यात संकेत सात अक्षरांपर्यंत वाढतो. स्केटबोर्डवरील पादचाऱ्याची सायकलशी रस्त्यावर टक्कर, याला तेथे व्ही ०१.१२ असा स्वतंत्र संकेत आहे. उपचाराची वेळ पहिली की पुढची, की जुन्या इजेचा उरलेला परिणाम, हे सातवे अक्षर सांगते. पदपथ, वाहनतळ, सायकलमार्ग यांना स्थळाचे वेगळे संकेत आहेत. पूर्वीचे सुमारे १४ हजार निदान-संकेत या फेरबदलात सुमारे ६८ हजारांवर गेले. पेटलेल्या पाण्यावरच्या स्कीमुळे भाजणे यालाही त्यात संकेत आहे, म्हणून तेथील वृत्तपत्रांनी यथेच्छ थट्टा केली. थट्टा रास्तच होती. परंतु तिच्या भरात एक गोष्ट झाकली गेली. हे दप्तर तेथे एकाच वेळी दोन धन्यांची चाकरी करते. एक धनी विमा आणि देयके, दुसरा धनी लोकांचे आरोग्य. पैसे ज्या संकेतावर मिळतात, तो इजेच्या स्वरूपाचा संकेत काटेकोरपणे लिहिला जातो. बाह्य कारणाचा संकेत देशभर सक्तीचा नाही. काही राज्ये तो मागतात. ज्या रकान्याला पैसा जोडलेला नाही, तो रकाना रिकामा राहण्याची शक्यता अधिक, हा सर्व देशांच्या दप्तरांचा धर्म आहे.

आणि तरीही इजा टाळावयाची असेल तर उपयोग होतो तो याच दुसऱ्या रकान्याचा. अपघात हा नशिबाचा खेळ नसून, साथीच्या रोगाप्रमाणे त्यालाही कारणपरंपरा असते, हा विचार विसाव्या शतकाच्या मध्यास रुजला. विल्यम हॅडन या अमेरिकन वैद्याने १९७० साली एक कोष्टक मांडले. घटनेपूर्वी, घटनेच्या क्षणी आणि घटनेनंतर असे तीन टप्पे. आणि माणूस, वाहन, परिसर असे घटक. प्रत्येक घरात प्रश्न एकच : येथे काय बदलता येईल? हे कोष्टक भरावयाचे तर नुसते ‘मनगट मोडले’ हे पुरत नाही.

याची दोन उदाहरणे देतो. सिएटल येथील संशोधकांनी सायकलवरून पडून किंवा धडकून तातडीच्या विभागात आलेल्यांचा अभ्यास केला आणि १९८९ साली निष्कर्ष प्रसिद्ध केला की, हेल्मेट घातलेल्यांना डोक्याच्या इजेचा धोका सुमारे ८५ टक्क्यांनी कमी होता. पुढील पाहण्यांत हे प्रमाण कमी निघाले. दिशा मात्र तीच राहिली. ऑस्ट्रेलियातील व्हिक्टोरिया राज्याने १९९० साली सायकलस्वारांस हेल्मेट सक्तीचे केले. दुसरे उदाहरण नेदरलँड्सचे. तेथे १९७१ साली रस्त्यावर सुमारे ३,३०० माणसे मेली, त्यांत चारशेहून अधिक मुले होती. हा आकडा हाती आल्यावर आईबाप रस्त्यावर उतरले आणि मुलांच्या या हत्या थांबवा, अशी चळवळ उभी राहिली. त्या देशाचे वेगळे सायकलमार्ग आज जग पाहावयास जाते. त्यांच्या उभारणीमागे ही मागणीही होती. मुलांची वेगळी गणती झाली नसती, तर त्या आईबापांच्या हाती काय होते?

आता आपल्याकडे वळू. ब्रिटिश अमलाखालील प्रांतांत खेड्यातील मृत्यूची खबर पाटील, कोतवाल किंवा चौकीदार देई. रकाने मोजके : पटकी, देवी, प्लेग, ताप, हगवण, श्वसनाचे रोग, इजा, आणि इतर. ‘ताप’ या रकान्यात किती रोग दडले, याची चर्चा पुष्कळ झाली आहे. ‘इजा’ या रकान्याची फारशी नाही. स्वातंत्र्यानंतर १९६९ साली जन्ममृत्यू नोंदणीचा कायदा आला आणि मृत्यूच्या कारणाच्या वैद्यकीय दाखल्याची तरतूद झाली. त्या दाखल्यात इजा कशी झाली, असा स्पष्ट प्रश्न आहे. परंतु २०२० साली नोंदलेल्या मृत्यूंपैकी असा वैद्यकीय दाखला असलेले मृत्यू अवघे २२.५ टक्के होते. आणि ही झाली मृत्यूंची गोष्ट. मोडलेल्या मनगटांची नव्हे.

आपणांकडे रस्ते अपघातांचे आकडे येतात ते मुख्यतः पोलिसांच्या नोंदींतून. २०२२ साली देशात रस्त्यावर १,६८,४९१ माणसे मरण पावली, असे केंद्र सरकारचा अहवाल सांगतो. संख्या भयंकर आहे. आणि ती मोजली जाते हे चांगलेच आहे. पण सायकल आणि स्केटबोर्ड यांची टक्कर पोलिसांकडे कशाला जाईल? दोहोंपैकी एकही मोटर वाहन कायद्यातील वाहन नाही. नुकसानभरपाईचा दावा नाही, विमा नाही, पंचनामा नाही. अशा मुलाची नोंद होण्याची एकच जागा उरते, ती म्हणजे रुग्णालयाचा केसपेपर.

त्या केसपेपरवर काय लिहिलेले असते, हे मी अनेक वर्षे पाहिले आहे. कॅज्युअल्टीच्या वहीत दोन शब्दप्रयोग पुन्हा पुन्हा येतात. एक ‘आर. टी. ए.’, म्हणजे रस्त्यावरील अपघात. कोणाचा, कशाशी, कोठे, हे नाही. आणि दुसरा ‘सेल्फ फॉल’, म्हणजे आपोआप पडला. या दुसऱ्या शब्दात आपल्या समाजाची एक सबंध कहाणी आहे. अन्य कोणी धडक दिली असे सांगितले की प्रकरण मेडिको-लीगल होते, पोलीस येतात, जबाब होतात. धडक देणारा शेजाऱ्याचाच मुलगा असतो. दोन्ही घरांना उद्याही एकाच जिन्यावरून ये-जा करावयाची असते. मग आईवडील सांगतात, ‘पडला हो, आपोआपच पडला.’ डोक्याला मार लागलेल्या एका दहा-बारा वर्षांच्या मुलाच्या अंगावर सायकलच्या ब्रेकची खूण स्पष्ट दिसत असताना त्याच्या वडिलांनी माझ्यासमोर हेच सांगितले होते, आणि कागदावर तेच उतरले. मी त्या वडिलांना दोष देत नाही. त्यांनी शेजारधर्म पाळला. परंतु लंडनच्या त्या वृद्ध स्त्रिया आणि आपली ही वही, यांच्यात जातीचा फरक नाही. दोन्हीकडे माणसांनी आपली लाज किंवा आपले नाते वाचविले आणि त्याची किंमत नोंदीने चुकविली.

यावर उपाय काय? माझ्या मते तो या वर्गीकरणाच्या इतिहासातच आहे. त्याचे संकेत दोष ठरवीत नाहीत. व्ही ०१ म्हणजे सायकलवाला अपराधी, असा अर्थ कोठेही नाही. दोघेही जखमी, दोघांनाही आपापला संकेत. न्यायनिवाडा न्यायालयात व्हावा, गणती दप्तरात व्हावी. या दोहोंची गल्लत झाली की लोक खरे सांगत नाहीत. म्हणून रुग्णालयांनी गणतीसाठी घेतलेली माहिती नावागावावाचून, पोलिसी चौकशीपासून वेगळी ठेवता येईल अशी व्यवस्था करणे अगत्याचे आहे. अमेरिकेत १९७० च्या दशकापासून सुमारे शंभर निवडक रुग्णालयांच्या तातडीच्या विभागांतून नित्य वापराच्या वस्तूंनी झालेल्या इजांची अशी गणती होत आली आहे; स्केटबोर्ड आणि सायकल यांच्या इजांचे तेथील राष्ट्रीय अंदाज त्यातूनच निघाले. सारी रुग्णालये नकोत. निवडक, पण प्रामाणिक नोंदी हव्यात.

रोगांच्या या वर्गीकरणाची अकरावी आवृत्ती १ जानेवारी २०२२ पासून अमलात आली आहे. तीत मूळ संकेताला पूरक संकेत जोडून घटनेचे वर्णन हवे तेवढे वाढविता येते. साधन उत्तम आहे. परंतु वहीत ‘सेल्फ फॉल’ एवढेच लिहिलेले असेल, तर त्या साधनाने जोडावयाचे तरी काय?

कोणी म्हणेल, स्केटबोर्ड हा मूठभर श्रीमंत मुलांचा खेळ. त्यासाठी एवढा खल कशाला? वस्तुस्थिती बदलली आहे. टोकियो येथे २०२१ साली झालेल्या ऑलिंपिकमध्ये त्याचा प्रथमच समावेश झाला. आपल्याच मध्य प्रदेशात, पन्ना जिल्ह्यातील जनवार या खेड्यात २०१५ पासून स्केटबोर्डचे मैदान आहे आणि आदिवासी मुले-मुली तेथे खेळतात. आणि सायकल तर आपल्या गरिबांची जुनीच सोबतीण आहे. कामावर जाणारा मजूर, दूधवाला, शाळेत जाणारी मुलगी, हे सारे त्याच व्ही १० ते व्ही १९ या गटांत मोडतात. मोटरवाल्याच्या अपघाताला विमा कंपनीचा कागद आहे. यांना कागद नाही. ज्याला कागद नाही त्याची गणती नाही, आणि ज्याची गणती नाही त्याच्यासाठी रस्त्यावर गतिरोधक होत नाही, वळणावर आरसा बसत नाही, पदपथ मोकळा राहत नाही.

या सभागृहात शाळेचे अनेक माजी विद्यार्थी डॉक्टर, परिचारिका, अभियंते आणि पोलीस अधिकारी म्हणून बसलेले मला दिसतात. आपल्या हातून नोंद होत असेल, तेव्हा ‘कशाने?’ हा प्रश्न विचारा, आणि उत्तर पुऱ्या वाक्यात लिहा : कोण, कशावर, कशाशी, कोठे. संकेत लावणारा कारकून पुढे आपले काम करील. आईबापांना माझी विनंती अशी की, मुलाला रुग्णालयात नेल्यावर शेजाऱ्याशी भांडू नका, पण डॉक्टरांशी खरे बोला. पुढील मुलाचे मनगट वाचावयाचे असेल, तर मागील मुलाचे मनगट कशाने मोडले, हे कोठेतरी लिहिलेले असले पाहिजे.